रशियन बंदूक समजून घ्यायची तर आधी काडतूस पाहा

तुम्ही विचारले आहे की रशियन बंदुका दिसायला ओबडधोबड आणि किमतीला स्वस्त असूनही त्यांचा एवढा भरवसा का धरला जातो, लष्करी इतिहासात त्यांना इतके मोठे स्थान कशामुळे मिळाले, आणि एके-47 ही मुळात एका जर्मन रायफलीची नक्कल आहे असे जे सांगितले जाते त्यात तथ्य किती. मी लष्करात 24 वर्षे आर्मोरर, म्हणजे शस्त्रांची तपासणी आणि दुरुस्ती करणारा, म्हणून काम केले. त्या काळात रशियन घराण्याची शस्त्रे, म्हणजे पूर्व युरोपात बनलेल्या एके रायफली, द्रागुनोव्ह स्नायपर रायफली आणि पीके मशीनगन, शेकड्यांनी माझ्या टेबलावर उघडली गेली. तो अनुभव आणि निवृत्तीनंतरचे वाचन यांच्या आधारे हे उत्तर देत आहे.

बहुतेक लोक या विषयाची सुरुवात मिखाईल कलाश्निकोव्ह या नावापासून करतात. मी ती काडतुसापासून करतो, कारण बंदूक ही शेवटी काडतूस आत घेणारी, ते उडवणारी आणि रिकामी पुंगळी बाहेर टाकणारी यंत्रणा आहे. काडतुसाचा आकार एकदा ठरला की त्या यंत्रणेचे निम्मे गुणदोष तिथेच ठरून जातात. रशियन पायदळाचा गेल्या सव्वाशेहून अधिक वर्षांचा इतिहास मुख्यतः दोन काडतुसांभोवती फिरतो. एक 1891 चे, लांब आणि बुडाला बाहेर आलेली कड असणारे. दुसरे 1943 चे, आखूड आणि पुढे निमुळते होत जाणारे.

पहिल्याच्या मागे एका पराभवाची जखम आहे. 1877 मध्ये तुर्कस्तानशी लढताना रशियन सैन्याने आजच्या बल्गेरियातील प्लेव्हना या गावाला वेढा घातला. उस्मान पाशाच्या तुर्की सैनिकांकडे अमेरिकेत बनवलेल्या पीबॉडी-मार्टिनी रायफली होत्या, आणि जवळच्या माऱ्यासाठी एकामागून एक गोळ्या झाडणाऱ्या विंचेस्टर होत्या. रशियन पायदळातील बहुतेकांच्या हातात जुन्या बंदुकांत फेरफार करून तयार केलेल्या एकेरी फैरीच्या क्रन्का रायफली होत्या, आणि साध्या शिपायाच्या रायफलीवरील नेम धरण्याची पट्टी 600 पावलांपुढे जात नव्हती. तुर्की गोळ्या मात्र त्याच्या कितीतरी पलीकडून येत होत्या. जुलै ते सप्टेंबर या काळात रशियाने तीन मोठे हल्ले केले, तिन्ही मोडून पडले, आणि अखेर डिसेंबरमध्ये उपासमारीमुळे ते ठाणे हाती आले. या अनुभवानंतर मॅगझिन, म्हणजे अनेक काडतुसे भरून ठेवायची पेटी, असलेली रायफल हवी हा प्रश्न रशियन लष्करात पुढे आला, आणि 1886 मध्ये फ्रान्सने धूरविरहित दारूची लेबेल रायफल आणल्यावर तो आणखी निकडीचा झाला.

1891 मध्ये स्वीकारलेली रायफल ही कॅप्टन सेर्गेई मोसिन आणि बेल्जियमचे लेऑन नागान यांच्या कल्पनांचा मेळ होती. अधिकृत नावात मात्र दोघांपैकी कोणीच नव्हते. ती फक्त ‘1891 च्या नमुन्याची तीन रेषांची रायफल’ होती. ‘रेषा’ हे तेव्हाचे रशियन माप, इंचाचा दहावा भाग. तीन रेषा म्हणजे 7.62 मिलिमीटर, आणि आपण आज एके-47 च्या संदर्भात ज्या सहजतेने 7.62 म्हणतो तो आकडा रशियात असा आला.

या रायफलीच्या काडतुसाला बुडाशी कड होती, आणि त्या काळाचा विचार करता ती चूक नव्हती. कड असलेले काडतूस चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाच्या खोबणीत, किती आत जाऊन थांबेल हे त्या कडेवरच ठरते. कड नसेल तर ते पुंगळीच्या खांद्यावर, म्हणजे ती पुढे जिथे अरुंद होते त्या भागावर, ठरते, आणि मग प्रत्येक रायफलीच्या चेंबरचा तो खांदा अत्यंत काटेकोर मापात कापावा लागतो. तुला, इझेव्हस्क आणि सेस्त्रोरेत्स्क या कारखान्यांना लाखोंच्या संख्येत रायफली बनवायच्या होत्या, त्यांची यंत्रसामग्री नव्याने बसवली जात होती, आणि पहिल्या 5 लाख रायफली तर फ्रान्समधल्या शातेलरो येथील कारखान्यातून घ्याव्या लागल्या. अशा वेळी थोडी सैल मापे चालवून घेणारे काडतूस निवडणे शहाणपणाचे होते. त्याची किंमत पुढच्या पिढ्यांनी मोजली, ती कशी ते पाहू.

एकावर एक रचलेल्या काडतुसांत वरच्याची कड खालच्याच्या कडेमागे गेली की वरचे काडतूस पुढे सरकतच नाही. मोसिन यांनी त्यावर जो उपाय काढला तो माझ्या मते त्या रायफलीतला सर्वांत सुंदर भाग आहे. पोलादाची एक लहानशी लवचीक पट्टी मॅगझिनमधले सर्वांत वरचे काडतूस मोकळे ठेवते आणि खालच्या सगळ्यांना दाबून धरते. बोल्ट, म्हणजे काडतूस आत ढकलून मागून चेंबर बंद करणारा दांडा, बंद झाला की पुढचे एक वर येते. बोल्ट मागेपुढे करायला जड, सुरक्षेचा खटका लावायला त्रासदायक, लांब संगिनीमुळे हाताळायला अवघड, असे या रायफलीचे दोष खरे आहेत. पण ती उघडायला सोपी होती, पडझड सोसत होती आणि तिच्या सर्व नमुन्यांची मिळून संख्या साडेतीन कोटींच्या पुढे गेली. 1930 च्या सुधारणेत नेमाच्या पट्टीवरचे ‘आर्शिन’ हे जुने माप जाऊन मीटर आले आणि काही भाग घडवायला सोपे केले गेले. तिचा गाभा मात्र तोच राहिला.

पहिल्या महायुद्धाने दाखवून दिले की चांगली रायफल असणे आणि पुरेशा रायफली असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. 1915 च्या माघारीत रशियन तुकड्यांत रायफलीविना उभे असलेले सैनिक होते, आणि पडलेल्या साथीदाराची रायफल उचलून लढण्याची वेळ त्यांच्यावर आली. सरकारने अमेरिकेत रेमिंग्टन आणि वेस्टिंगहाउस यांच्याकडे मिळून 33 लाख मोसिन रायफलींची मागणी नोंदवली, जपानकडून अरिसाका रायफली घेतल्या. पुढच्या सोव्हिएत शस्त्रकारांच्या मनात ‘साध्या कारखान्यात, साध्या कामगाराकडून, प्रचंड संख्येने’ हा जो विचार पक्का बसला, त्याचे मूळ मला या वर्षांत दिसते. त्याच काळात व्लादिमिर फ्योदोरोव्ह यांनी स्वयंचलित रायफल तयार केली आणि तिच्यासाठी रशियन काडतूस सोडून जपानी 6.5 मिलिमीटरचे, कमी ताकदीचे आणि जवळजवळ कड नसलेले काडतूस घेतले. अशा रायफली जेमतेम काही हजार बनल्या. तरीही मी त्यांना मोठे स्थान देतो, कारण जुन्या काडतुसावर हलकी स्वयंचलित बंदूक नीट उभी राहत नाही हे फ्योदोरोव्ह यांनी तेव्हाच ओळखले होते.

पुढची तीस वर्षे सोव्हिएत शस्त्रकार त्या कडेशी झगडत राहिले. देग्त्यारेव्ह यांच्या 1927 च्या डीपी मशीनगनवर ताटासारखे चपटे, गोल मॅगझिन का आहे, असे लोक विचारतात. त्यात 47 काडतुसे एकाच थरात चक्राच्या आऱ्यांसारखी बसतात, म्हणून कडा एकमेकींत अडकत नाहीत. उपाय चालला, पण ताट अवजड झाले आणि भरायला वेळखाऊ ठरले. शिवाय तिची मुख्य स्प्रिंग नळीखाली असल्यामुळे सतत मारा केला की तापून ढिली पडत असे. 1944 च्या सुधारित नमुन्यात ती मागे हलवण्यात आली.

याहून बोलके उदाहरण तोकारेव्ह यांच्या एसव्हीटी-40 या अर्धस्वयंचलित रायफलीचे आहे, आणि ‘रशियन शस्त्र म्हणजे कोणाच्याही हातात चालणारे शस्त्र’ या समजुतीला ते छेद देते. 10 काडतुसांचे मॅगझिन, पाच खुणांचा गॅस रेग्युलेटर (गोळीमागचा जो वायू यंत्रणा मागे ढकलतो तो कमीजास्त करणारा भाग), पुंगळी चिकटू नये म्हणून चेंबरमध्ये कोरलेल्या खाचा, अशी ही विचारपूर्वक घडवलेली रायफल होती. मोसिनची जागा तिने घ्यावी अशी योजना होती. 1941 मध्ये जर्मन आक्रमण झाले, प्रशिक्षित सैनिक आणि शस्त्रसाठे यांची भयंकर हानी झाली, आणि काही आठवड्यांच्या शिकवणीवर आघाडीवर गेलेल्या भरतीच्या जवानाला हा रेग्युलेटर केव्हा, किती फिरवायचा हे उमगेना. त्याच्या हातात ती अडकू लागली. नौदलाच्या पायदळासारख्या शिकलेल्या तुकड्यांनी हीच रायफल उत्तम वापरली, आणि हाती लागलेल्या एसव्हीटी जर्मनांनीही वापरल्या. दोष रायफलीत होता त्याहून अधिक तिच्यात आणि तिच्या सैनिकात पडलेल्या अंतरात होता. उत्पादन आटवले गेले आणि इझेव्हस्कने युद्धकाळात जुन्याच मोसिन नमुन्याच्या रायफली आणि कार्बाइन 1 कोटीहून अधिक संख्येने बाहेर काढल्या.

उरलेली पोकळी श्पागिन यांच्या पीपीएसएच-41 या सबमशीनगनने भरून काढली. तिच्यात पिस्तुलाचे 7.62 मिलिमीटरचे आखूड काडतूस होते आणि व्यास तोच असल्यामुळे नळीला आटे पाडण्याची रायफलीची यंत्रसामग्री उपयोगी पडत होती. बाकी बरेचसे काम पत्र्याच्या प्रेसवर आणि वेल्डिंगवर होई. त्यामुळे शस्त्रे कधीही न बनवलेले कारखाने या कामाला लागू शकले, आणि युद्ध संपेपर्यंत अशा 50 लाखांहून अधिक बंदुका तयार झाल्या. तिच्या 71 गोळ्यांच्या गोल ड्रमचे चित्र सगळ्यांनी पाहिलेले असते. त्याची अडचण ठाऊक असते ती हाताळणाऱ्यांना. सुरुवातीचे ड्रम त्या त्या बंदुकीला घासून बसवावे लागत, एकाचा ड्रम दुसऱ्याच्या बंदुकीत नीट बसेलच असे नसे. म्हणून 1942 पासून 35 गोळ्यांचे साधे वक्र मॅगझिन आले. लेनिनग्राडच्या वेढ्यात अलेक्सेई सुदायेव्ह यांच्या पीपीएस या आणखी साध्या बंदुकीचे उत्पादन सुरू झाले. तिला श्पागिनच्या बंदुकीच्या निम्म्याहून कमी धातू आणि निम्म्याहून कमी यंत्रतास लागत. उपाशी शहरात, गोळीबाराखाली, माणसांनी ती घडवली हे मी विसरू शकत नाही.

आता दुसऱ्या काडतुसाकडे येतो. सबमशीनगनची गोळी दोनशे मीटरपलीकडे निष्प्रभ होत होती, आणि रायफलीची गोळी पायदळाच्या नेहमीच्या अंतरासाठी गरजेपेक्षा फार ताकदीची होती. जुलै 1943 मध्ये मॉस्कोत शस्त्रखात्याच्या बैठकीत जर्मनांकडून हाती आलेले मधल्या ताकदीचे 7.92 मिलिमीटरचे आखूड काडतूस आणि अमेरिकन कार्बाइनचे काडतूस यांचा विचार झाला आणि तसे सोव्हिएत काडतूस बनवायचे ठरले. येलिझारोव्ह आणि स्योमिन यांनी ते घडवले. आज आपण त्याला 7.62 बाय 39 म्हणतो. त्याला बाहेर आलेली कड नाही आणि पुंगळी पुढच्या टोकाकडे स्पष्टपणे निमुळती होत जाते. निमुळती पुंगळी पाचरीसारखी असते. थोडी मागे सरकताच चेंबरच्या भिंतींपासून सर्व बाजूंनी सुटते, म्हणून घाण किंवा उष्णता असली तरी ती बाहेर येते. अशी काडतुसे एकावर एक ठेवली की त्यांची रास आपोआप वाकते. एके-47 च्या मॅगझिनचा तो ओळखीचा बाक तिथून आला आहे.

या काडतुसासाठीच्या रायफलीची स्पर्धा अनेक फेऱ्यांत चालली. 1941 च्या शरद ऋतूत ब्र्यान्स्कजवळ जखमी झालेला रणगाडा कमांडर कलाश्निकोव्ह त्यात उतरला तेव्हा त्याचे शिक्षण फारसे नव्हते, पण कोव्रोव्हच्या कारखान्यात अलेक्सांद्र झायत्सेव्ह यांच्यासारखे कसलेले सहकारी त्याला मिळाले. 1947 मध्ये दोघांनी आधीचा नमुना जवळजवळ मोडून पुन्हा बांधला आणि तो जिंकला. 1949 मध्ये तो अधिकृतपणे स्वीकारला गेला.

नक्कलीच्या आरोपाचे उत्तर बंदूक उघडूनच द्यावे लागते. बाहेरून पाहिले तर जर्मन एसटीजी-44 आणि एके यांत साम्य आहे: वाकडे मॅगझिन, पिस्तुलासारखी मूठ, नळीवर गॅसची नळी. मधल्या ताकदीच्या काडतुसाची कल्पनाही जर्मनांनी आधी रणांगणावर आणली होती, हे मान्य केलेच पाहिजे. पण वरचे आच्छादन काढले की दोन वेगळी यंत्रे समोर येतात. जर्मन रायफलीचा बोल्ट मागच्या बाजूने खाली झुकून अडकतो. एकेचा बोल्ट स्वतःभोवती फिरतो आणि पुढे दोन दातांनी कुलूपबंद होतो; या रचनेचे जवळचे नाते अमेरिकेच्या गॅरँड रायफलीशी आहे. खटक्याची यंत्रणाही गॅरँडच्याच वळणाची आहे. ह्यूगो श्मायसर हा जर्मन शस्त्रकार 1946 ते 1952 या काळात इझेव्हस्कमध्ये होता हे खरे, पण कलाश्निकोव्हचा स्पर्धेतला नमुना कोव्रोव्हमध्ये तयार होत होता. माझे मत असे की एके ही एकट्याच्या प्रतिभेची निर्मिती नाही आणि नक्कलही नाही. उपलब्ध असलेल्या चांगल्या कल्पनांतून योग्य त्या निवडून त्यांचा उत्तम मेळ घालणे हे तिचे श्रेय आहे, आणि शस्त्रकाराच्या कामात ते लहान श्रेय नव्हे.

भरवशाबद्दल थोडे विस्ताराने लिहिणे मला आवश्यक वाटते, कारण इथे सर्वांत जास्त गैरसमज आहेत. एके ‘ढिली’ आहे म्हणून चालते, असे म्हणतात. ती सगळीकडे ढिली नाही. बोल्ट वाहून नेणारा भाग आणि बॉडी यांच्यात मुद्दाम मोकळी जागा ठेवली आहे, म्हणजे माती किंवा जळालेली दारू सरकून बाजूला जाते. तो भाग जड आहे आणि गॅस त्याला गरजेपेक्षा अधिक जोराने मागे फेकतो, त्यामुळे थोडा अडथळा आला तरी तो आपले काम पुरे करतो. याउलट बोल्टचे दात आणि चेंबर यांच्यातले अंतर काटेकोर असते, आणि म्हणूनच बोल्टवर त्या रायफलीचा क्रमांक टाकलेला असतो. एका युनिटमध्ये कोतात, म्हणजे शस्त्रे ठेवायच्या खोलीत, एकाच वेळी बऱ्याच रायफली उघडून साफ केल्या गेल्या आणि बोल्ट आपसांत बदलले गेले. दिसायला सर्व रायफली ठीक होत्या, पण मापक घालून तपासले तेव्हा काहींतले अंतर सुरक्षित मर्यादेबाहेर गेलेले निघाले. प्रत्येक क्रमांक जुळवून परत लावायला मला आणि माझ्या दोन सहकाऱ्यांना अख्खा दिवस लागला.

‘एकेला साफसफाई लागत नाही’ ही समजूत त्याहून घातक आहे. नळी आणि चेंबर आतून क्रोमने मढवलेले असतात, कारण सोव्हिएत काडतुसांच्या बुडातल्या, ठिणगी पाडणाऱ्या टोपीतील रसायने मागे क्षार ठेवत आणि ते साध्या पोलादाला गंज आणत. पण गॅसच्या नळीला तसे संरक्षण नसते. ओल्या हवेत दोन-तीन आठवडे दुर्लक्ष झालेल्या रायफलींच्या गॅस नळीत मी गंजाचे खड्डे पाहिले आहेत. ती रायफल दुर्लक्ष जास्त दिवस सहन करते, एवढाच तिचा गुण आहे. फुलथ्रू (नळीतून ओढायची साफसफाईची दोरी) आणि चिंदी तिलाही लागतेच.

स्वस्ताईबद्दलही एक गोष्ट नोंदवतो. 1949 ची एके स्वस्त नव्हती. पत्र्याची बॉडी दाबून बनवायची मूळ योजना होती, पण तंत्र हाती बसले नव्हते आणि नाकारल्या जाणाऱ्या बॉडींचे प्रमाण फार होते. म्हणून काही वर्षांतच पोलादाच्या ठोकळ्यातून बॉडी कोरून काढण्याचा महागडा मार्ग धरावा लागला. पत्र्याची बॉडी यशस्वी झाली ती 1959 च्या एकेएममध्ये, आणि तिने रायफलीचे वजनही पाऊण किलोच्या आसपास कमी केले. जगभर पसरलेली ‘एके-47’ ही बहुधा प्रत्यक्षात एकेएम किंवा तिची एखादी परदेशी आवृत्ती असते. चीन, पोलंड, रुमानिया, बल्गेरिया, हंगेरी, पूर्व जर्मनी अशा देशांत ती बनली. सर्व प्रकार मिळून ही संख्या 10 कोटींच्या घरात असल्याचा अंदाज दिला जातो. मोझांबिकच्या राष्ट्रध्वजावरही ती आहे. वयाच्या नव्वदीनंतर कलाश्निकोव्ह यांनी रशियन ऑर्थोडॉक्स चर्चच्या प्रमुखांना पत्र लिहून विचारले की आपल्या रायफलीने मेलेल्या माणसांचे पाप आपल्यावर आहे का. हत्यारांत आयुष्य घालवलेल्या प्रत्येकाने ते पत्र वाचावे असे मला मनापासून वाटते.

भारताचा या रायफलीशी परिचय आधी समोरून झाला. श्रीलंकेत 1987 ते 1990 या काळात आपले जवान लांब आणि जड एसएलआर रायफली घेऊन झाडीत लढत होते, आणि समोरच्या तमिळ वाघांच्या (एलटीटीई) हातात एके घराण्याच्या रायफली होत्या. पुढे काश्मीरसाठी आपणच पूर्व युरोपातून एके घेतल्या. इन्सास रायफलीचा फिरणारा बोल्ट आणि गॅस यंत्रणा याच घराण्याचा वारसा सांगतात, आणि डिसेंबर 2021 च्या करारानुसार अमेठीजवळच्या कोरवा येथे एके-203 बनते आहे. तिचे काडतूस अजूनही 1943 च्याच घराण्यातले, 7.62 बाय 39 आहे.

आणि 1891 चे ते कड असलेले काडतूसही गेलेले नाही. 1961 च्या पीके मशीनगनमध्ये कलाश्निकोव्ह यांच्या चमूने त्या कडेला शत्रू मानणे सोडून दिले: दोन नख्यांचा चिमटा त्याच कडेला पकडून काडतूस पट्ट्यातून मागे खेचतो, खाली उतरवतो आणि मग बोल्ट ते पुढे चेंबरमध्ये ढकलतो. याच मशीनगनची रणगाड्यासाठीची आवृत्ती, पीकेटी, टी-72, टी-90 हे रणगाडे आणि बीएमपी-2 हे चिलखती वाहन यांच्या मुख्य तोफेशेजारी बसवलेली असते. त्यामुळे अहिल्यानगरच्या आर्मर्ड कोअरच्या केंद्रात गनरचे शिक्षण घेणारा जवान आज जो पट्टा भरतो, त्यातली पुंगळी आकाराने तीच आहे जी मोसिनच्या रायफलीसाठी ठरवली गेली होती.